बिल्ला नंबर सत्तेचाळीस

ओतारूच्या बंदरामागे, हेरिंगच्या वखारींना लागून
आमचं चित्रगृह. आत चटया अंथरलेल्या,
म्हणून पायातलं दारात काढायचं
आणि ते मी सांभाळायचं.
माझं नाव तोमे, म्हणजे ‘थांब’.
चार मुलींनंतर बापानं देवाला घातलेली गळ.
देवानं ऐकलं, पाठीवर भाऊ दिला,
थांबायचं काम तेवढं माझ्याकडे राहिलं.

लाकडी बिल्ला द्यायचा, खडावा फळीवर लावायच्या,
बर्फ झटकायचा, कुणाचा अंगठा तुटला असेल तर ओवून ठेवायचा.
पडदा मला दिसत नाही, मध्ये जाड निळं कापड.
अकरा वर्षं मी मूकपट
नुसते ऐकत आले.

कारण आत कुरोइवा-सान बोलतो.
पडद्यावर ओठ हलतात, आवाज त्याचा:
बापाचा घोगरा, आईचा ओला,
आणि सतरा वर्षांच्या शिनोचा तर असा
की वखारीतले हमाल बाहीला नाक पुसतात.

शिनो सोया गाळणाऱ्याची थोरली.
पिंपं गहाण, बाप अंथरुणाला,
सावकाराच्या घरून सोयरिकीचा निरोप.
आणि छापखान्यात खिळे जुळवणारा जुन्साकु,
त्याच्या बोटांची शाई तिच्या बाहीवर.
शेवटच्या रात्री तो येतो. म्हणतो, पहाटेची गाडी आहे.

सोमवारी कुरोइवाची शिनो म्हणाली,
“बाबांचं ऋण सात जन्मांचं, तुमचं याच एका.”
मंगळवारी म्हणाली, “मला विसरा.”
बुधवारी त्याला साके जरा जास्त झाली असावी,
चंद्र, समुद्र, पाइनचं झाड, सगळ्यांना साक्षी ठेवून
रीळ संपलं तरी शिनो रडतच होती.
दारात बसून रोज मी तिची बाजू घेतली,
आणि रोज वेगळी.

शनिवारी त्याचा घसा बसला.
नेमका तिथंच.
व्हायोलिनवाल्याला वाटलं ही खूण, तोही थांबला.
आत दोनशे माणसं, आणि नुसती
यंत्राची खडखड, कुणाचं तरी तान्हं.

मी कापड बाजूला केलं.

शिनो बोलतच नव्हती.
ओठ मिटलेले, डोळे कोरडे.
उंबऱ्याशी गुडघे टेकून
तिनं जुन्साकुच्या खडावा उचलल्या,
आत तोंड केलेल्या होत्या, त्या रस्त्याकडे वळवल्या.
एक जराशी वाकडी राहिली,
ती बोटानं सरळ केली.

हे तर माझं रोजचं काम.
पाहुणा निघायच्या आत त्याच्या पायातलं
दाराकडे वळवून ठेवायचं. रीत आहे, अदब आहे.
यात ‘जा’ कुठं असतं?

असतं.

सत्तेचाळीस नंबर. काराफुतोच्या बोटीवर कोळसा टाकायचा.
तीन हिवाळे एकेक चित्र दोनदोनदा बघायला आला,
आणि सगळे गेले तरी बिल्ला परत द्यायला
खिसे चाचपत राहायचा.
शेवटी म्हणाला, यंदा गेलो की परतणार नाही,
येतेस?
भावाच्या शाळेची फी त्याच महिन्यात भरायची होती.
मी काही बोलले नाही.
त्याच्या खडावा फळीवरून काढल्या,
फडक्यानं पुसल्या,
रस्त्याकडे तोंड करून ठेवल्या, नेहमीसारख्या.

आजवर मला वाटायचं
मी उत्तरच दिलं नव्हतं.

बिल्ला त्यानं परत केला नाही.
सेहेचाळीसनंतर एकदम अठ्ठेचाळीस.
मालकानं पगारातून पंधरा सेन कापले.

त्या शनिवारी मी एकही जोड वळवला नाही.
चित्र संपलं, माणसं बाहेर आली,
अंधारात पाय चाचपू लागली,
कुणी शिवी हासडली, कुणी म्हणालं, तोमे म्हातारी झाली.
मग निमूट एकेक जण मागे वळला
पायात घालायला.
आणि घटकाभर सगळं गाव
आत तोंड करून उभं होतं.

मागच्या खोलीत कुरोइवा-सान
मिठाच्या पाण्यानं गुळण्या करत होता.